मणि कौल यांची चित्रपटकला : प्रतीक्षेचा काळ आणि वस्तूचा भार

१

भारतीय प्रयोगशील चित्रपटाची चर्चा निघाली की मणि कौल (१९४४–२०११) यांचे नाव अपरिहार्यपणे पुढे येते. आणि ते पुढे आले की चर्चा बहुधा दोहोंपैकी एका वाटेने जाते. एक पक्ष त्यांच्या कृतींना दुर्बोध, निर्जीव आणि प्रेक्षकनिरपेक्ष ठरवून मोकळा होतो. दुसरा पक्ष त्या कृतींना ‘शुद्ध चित्रपट’ अशी पदवी देऊन त्यांच्यापुढे केवळ नतमस्तक होतो. वस्तुतः या दोन्ही पक्षांचे गृहीतकृत्य एकच आहे. कौल यांच्या चित्रपटाचा लौकिक जीवनाशी, माणसाच्या सुखदुःखाशी, फारसा संबंध नाही, हे ते गृहीतकृत्य होय. पहिला पक्ष त्याला दोष मानतो, दुसरा गुण मानतो, एवढाच काय तो फरक.

प्रस्तुत लेखात या गृहीतकृत्याची परीक्षा करावयाची आहे. कौल यांच्या उत्कृष्ट कृतींतील रूप हे एका विशिष्ट मानवी अवस्थेतून, म्हणजे प्रतीक्षेतून, उत्पन्न झालेले आहे. आणि ही प्रतीक्षा जेथे एखाद्या जड, लौकिक, श्रमाने भारलेल्या वस्तूशी बांधलेली असते तेथेच ते रूप आपल्या पूर्ण सामर्थ्याने प्रकट होते, असे या लेखाचे प्रतिपादन आहे. ही गाठ जेथे सुटते तेथे त्यांची पद्धती शिल्लक राहते, परंतु तिच्यातील प्राण क्षीण होतो. हे प्रतिपादन मान्य झाल्यास कौल यांच्यावरील आक्षेपांचे आणि त्यांच्या स्तुतीचेही पुनर्मूल्यमापन करावे लागेल.

२

कौल यांचा जन्म जोधपूरचा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांचे शिक्षण झाले व १९६६ साली ते तेथून पदविका घेऊन बाहेर पडले. तेथे ऋत्विक घटक हे त्यांचे शिक्षक होते आणि कुमार शहानी हे त्यांचे सहाध्यायी. घटकांचा चित्रपट भावनेच्या उद्रेकातून आकार घेतो. कौल यांनी ज्याला आदर्श मानले तो फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ मात्र भावनेचे बाह्य प्रदर्शन कटाक्षाने टाळतो. गुरू एका ध्रुवावर आणि आदर्श दुसऱ्या ध्रुवावर, असा हा योग आहे. कौल यांनी घटकांकडून अभिनयाची किंवा कथनाची रीत घेतली नाही. संगीत, पुराण आणि भूप्रदेश यांना चित्रपटाच्या घडणीत मूलभूत स्थान असू शकते, ही दृष्टी मात्र त्यांनी घेतली. संयम ब्रेसाँचा आणि आस्था घटकांची, असे काहीसे स्थूलपणे म्हणता येईल.

त्यांचा पहिला कथाचित्रपट ‘उसकी रोटी’ (१९७०) हा मोहन राकेश यांच्या कथेवर आधारलेला आहे. १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन या सरकारी संस्थेच्या अर्थसाहाय्यावर तो निघाला. कथा अगदी साधी आहे. पंजाबातील एका खेड्यात राहणारी बालो रोज भाकऱ्या बांधून सडकेवर जाते आणि बस चालविणाऱ्या आपल्या नवऱ्याची, सुच्चासिंगाची, वाट पाहत उभी राहते. एके दिवशी धाकटी बहीण जिंदा हिच्यावर गावातील एका पुरुषाने वाईट नजर टाकल्यामुळे घरात गोंधळ होतो आणि बालोला पोहोचावयास उशीर होतो. सुच्चासिंग रागावून रोटी न घेताच निघून जातो. बालो तेथेच थांबून राहते. एवढेच कथानक.

या कथानकात नाट्य नाही असे नाही. बहिणीवरील अतिप्रसंग, नवऱ्याचा संताप, त्याचे शहरातील दुसऱ्या स्त्रीशी असलेले संबंध, यांपैकी कोणताही धागा धरून एखादा कुशल दिग्दर्शक प्रेक्षकांना हेलावून सोडू शकला असता. कौल यांनी हे सर्व धागे हाती असतानाही ते ताणले नाहीत. पात्रे सपाट, चढउतार नसलेल्या स्वरात बोलतात. एका वाक्यानंतर दुसरे वाक्य येण्यास विलंब लागतो. कणीक मळणारे हात, फडक्यात बांधलेली रोटी, धुळीची सडक, झाडाची सावली, यांकडे कॅमेरा इतका वेळ पाहत राहतो की त्या वस्तू कथेच्या पुराव्यादाखल ठेवलेल्या आहेत ही भावनाच नाहीशी होते. त्यांना स्वतःचे अस्तित्व येते. के. के. महाजन यांच्या कृष्णधवल छायाचित्रणात बालोची आकृती अशी स्थिरावते की अमृता शेरगिल यांच्या चित्रांतील स्त्रियांचे स्मरण व्हावे. आणि या चित्रांचे ऋण कौल यांनी मान्यही केलेले आहे.

भिंगांच्या उपयोगासंबंधीची त्यांची योजना या दृष्टीने उद्बोधक आहे. या चित्रपटात त्यांनी मुख्यतः दोनच भिंगे वापरली. एक २८ मिलिमीटरचे, विस्तृत परिसर खोलवर स्पष्ट दाखविणारे. दुसरे १३५ मिलिमीटरचे, दूरची वस्तू जवळ आणून तिच्या मागचापुढचा प्रदेश धूसर करणारे. आरंभी पहिले भिंग बालोच्या प्रत्यक्ष जीवनासाठी आणि दुसरे तिच्या मनातील कल्पनांसाठी, अशी वाटणी होती. चित्रपट पुढे सरकतो तशी ही वाटणी उलटीपालटी होत जाते. त्यामुळे सुच्चासिंग खरोखरच आला, की बालोला तो आला असे वाटले, याचा निर्णय प्रेक्षकाला करता येत नाही. यात निव्वळ तांत्रिक चातुर्य पाहणे चुकीचे होईल. जो मनुष्य फार काळ वाट पाहतो त्याच्या बाबतीत नेमके हेच घडते. आलेले आणि येणार असलेले, पाहिलेले आणि पाहावेसे वाटलेले, यांतील सीमारेषा झिजत जाते. म्हणजे येथे तंत्र हे बालोच्या मनःस्थितीचे वर्णन करीत नाही. ती मनःस्थिती तेच प्रेक्षकाच्या ठिकाणी उत्पन्न करते.

३

वाट पाहणारी स्त्री ही आपल्या काव्यपरंपरेस अपरिचित नाही. नाट्यशास्त्राने सांगितलेल्या आठ नायिकांपैकी वासकसज्जा, विरहोत्कंठिता, विप्रलब्धा आणि प्रोषितभर्तृका या चार तर उघडच प्रतीक्षेच्या निरनिराळ्या अवस्था आहेत. मेघदूतापासून ज्ञानदेवांच्या विराण्यांपर्यंत आणि तेथून ठुमरी-कजरीपर्यंत ही विरहिणी अखंड बोलत आलेली आहे. परंतु या परंपरेचे एक लक्षण नीट ध्यानात घेतले पाहिजे. येथे विरहाचा काळ वाणीने भरून काढलेला असतो. विरहिणी ढगाशी, सखीशी, कावळ्याशी बोलते, अलंकार आणि उपमा यांच्या योगाने आपले दुःख आस्वाद्य करते, आणि रसिकाला त्या दुःखातून विप्रलंभ शृंगाराचा आनंद मिळतो. प्रत्यक्ष ‘वेळ’, कोरा, न सरणारा, कंटाळवाणा वेळ, या काव्यात फारसा जाणवत नाही.

कौल यांनी नायिका तीच घेतली आणि तिची वाणी काढून घेतली. बालो ही प्रोषितभर्तृका आहे; परंतु तिला सखी नाही, मेघ नाही, उपमा नाही. तिच्यापाशी एक रोटी आहे आणि ती रोटी गार होत चालली आहे. अशा रीतीने विरहातून शृंगार वजा केला असता जे उरते ते म्हणजे काळ. हा उरलेला काळ पडद्यावर आणणे, हेच कौल यांच्या चित्रपटकलेचे मध्यवर्ती कार्य होय असे मला वाटते.

‘आषाढ का एक दिन’ (१९७१) या दुसऱ्या चित्रपटात हा विचार अधिक स्पष्ट होतो, कारण येथे प्रत्यक्ष मेघदूताचा कर्ताच एक पात्र म्हणून उभा आहे. मोहन राकेश यांचे मूळ नाटक १९५८ सालचे. कालिदास आपल्या ग्रामप्रांतातून उज्जयिनीच्या राजाश्रयास जातो, काव्ये लिहितो, पुढे काश्मीरचे शासकपद भूषवितो. आणि त्याच्यावर प्रेम करणारी मल्लिका गावातच मागे राहते. अखेरीस सर्व गमावून तो परत येतो तेव्हा मल्लिकेचे जीवन दुसऱ्याच मार्गाने ढळलेले असते. तिने त्याच्यासाठी स्वतःच्या हाताने कोरी पाने शिवून ठेवलेली आहेत. त्यांवर त्याने आपले महाकाव्य लिहावे अशी तिची इच्छा होती. त्या पानांवर आता अश्रूंचे आणि काळाचे डाग आहेत. ती पाने कोरी राहिलेलीच नाहीत, त्यांवर महाकाव्य लिहिले गेलेलेच आहे, अशी जाणीव कालिदासाला होते. विरहावर काव्य लिहिणारा एक, आणि विरह भोगणारी दुसरी, हा या नाटकातील खरा पेच आहे. कवीच्या कीर्तीची किंमत कोणी मोजली, हा प्रश्न राकेश विचारतात आणि कौल तो प्रश्न चित्रपटाच्या घडणीत उतरवितात.

मराठी अभ्यासकाला या चित्रपटाविषयी विशेष जवळीक वाटावी असे एक कारण आहे. त्यात मल्लिकेची भूमिका रेखा सबनीस यांनी आणि कालिदासाची भूमिका अरुण खोपकर यांनी केली आहे. ओम शिवपुरी विलोमाच्या भूमिकेत आहेत. संवाद आधीच ध्वनिमुद्रित करून चित्रीकरणाच्या वेळी ते वाजविण्यात आले. परिणामी आवाज आणि देह यांची नेहमीची सांगड ढिली झाली. पात्र बोलत आहे, की पूर्वी बोललेले ऐकत आहे, असा संभ्रम वारंवार पडतो. रंगभूमीवर मल्लिका आपले दुःख प्रेक्षकांना सांगते. येथे मल्लिकेच्या मुखावरून तिचे शब्द वाहून जातात आणि मुख निश्चल राहते. नाटकाचा चित्रपट करताना ‘नाटकीपणा’ टाळावा असे सांगितले जाते व त्यासाठी स्थळे वाढविली जातात, घराबाहेरचे प्रसंग घातले जातात. कौल यांनी स्थळ वाढविले नाही. त्यांनी वाणीचे शरीराशी असलेले नाते बदलले, आणि त्यामुळे तेच स्थळ, तीच झोपडी, निराळी झाली.

४

तिसरा चित्रपट ‘दुविधा’ (१९७३). विजयदान देथा यांच्या राजस्थानी लोककथेच्या आधारे लिहिलेल्या गोष्टीवर तो बेतलेला असून देथा यांच्या बोरुंदा या गावीच त्याचे चित्रीकरण झाले. चित्रकार अकबर पदमसी यांचे साहाय्य त्याला लाभले आणि त्यांची कन्या रईसा पदमसी हिने नववधूची भूमिका केली. दिग्दर्शनाचे राष्ट्रीय पारितोषिक या चित्रपटासाठी कौल यांना मिळाले. व्यापाऱ्याचा मुलगा नववधूला घेऊन येतो तो वाटेतही लग्नखर्चाचा हिशेब लिहीत असतो. दुसऱ्याच दिवशी तो पाच वर्षांच्या व्यापारासाठी परगावी निघून जातो. वधूवर मोहित झालेले एक भूत त्याचे रूप घेऊन घरी येते. परंतु तिला फसवीत नाही, सत्य सांगून टाकते आणि निर्णय तिच्यावर सोपविते. तिच्या आयुष्यात तिची इच्छा विचारणारा हा पहिलाच, आणि तो मनुष्य नाही. पुढे खरा नवरा परततो, एक धनगर युक्तीने भुताला कातडी पिशवीत कोंडतो, आणि वधू पुन्हा हिशेबवहीच्या मालकाकडे राहते.

कौल यांनी ही गोष्ट ठिकठिकाणी गोठविलेल्या चित्रांतून सांगितली आहे. पांढऱ्या भिंती, तांबडी ओढणी, बांगड्यांनी भरलेला हात, अर्धवट वळलेला चेहरा. गती थांबते, निवेदकाचा आवाज पुढे जातो. सत्यजित राय यांनी १९७४ साली लिहिलेल्या एका लेखात या चित्रपटाविषयी आणि शहानी यांच्या ‘मायादर्पण’विषयी प्रतिकूल मत दिले. लोककथेचे चैतन्य, तिचा विनोद, तिचा ओघ हे सर्व येथे हरपले आहे असे वाटणे स्वाभाविक आहे, आणि राय यांच्यासारख्या कथनकुशल दिग्दर्शकाला हा मार्ग रुचू नये यात नवल नाही. परंतु लोककथेचा ओघ हा कोणाच्या बाजूचा आहे, हाही प्रश्न विचारला पाहिजे. गोष्ट सांगणारा आवाज पुरुषाचा आहे. भूत बोलते, नवरा बोलतो, धनगर बोलतो. वधू जवळजवळ बोलतच नाही. गोष्टीचा ओघ जसजसा वेगाने पुढे जातो तसतशी ती मागे पडते. ज्या क्षणी चित्र गोठते त्या क्षणी गोष्टीला तिच्यापाशी थांबावे लागते. म्हणून येथे गोठविणे हा एका परीने न्याय आहे.

या दृष्टीने अमोल पालेकर यांनी त्याच कथेवर काढलेला ‘पहेली’ (२००५) हा चित्रपट शेजारी ठेवून पाहणे उपयुक्त होईल. पालेकरांचा चित्रपट रंगीत, गेय आणि आनंददायक आहे. शेवटी भूतच नवऱ्याच्या देहात शिरून वधूपाशी राहते. लोकरंजनाच्या दृष्टीने हा शेवट सुखद आहे आणि वधूच्या इच्छेला त्यात मान दिल्यासारखे वाटते. परंतु त्यामुळे मूळ कथेतील द्विधा नाहीशी होते. कोडे सुटले की वाट पाहण्याचे प्रयोजन उरत नाही. कौल यांच्या चित्रपटात कोडे सुटत नाही. तेथे हिशेब तेवढा पुरा होतो.

आतापर्यंत उल्लेखिलेल्या तिन्ही कृतींत एक समान घटना दिसते, आणि तिच्याकडे टीकाकारांचे पुरेसे लक्ष गेलेले नाही. प्रत्येक चित्रपटात प्रतीक्षा एका वस्तूशी जखडलेली आहे. बालोची रोटी, मल्लिकेची शिवलेली पाने, व्यापारीपुत्राची हिशेबवही. पहिल्या दोन वस्तूंत स्त्रीचे श्रम साठविलेले आहेत. तिसरीत तिचे मोल मांडलेले आहे. या वस्तू म्हणजे प्रतीके नव्हेत. प्रतीक हे स्वतःपलीकडच्या अर्थाकडे बोट दाखविते आणि अर्थ कळला की बाजूला सरते. रोटी बाजूला सरत नाही. ती मळली जाते, भाजली जाते, बांधली जाते, वाहून नेली जाते, नाकारली जाते. प्रेक्षकाला जो काळ असह्य वाटतो तो या वस्तूच्या वजनामुळे प्रत्यक्ष होतो.

५

रा. भा. पाटणकर यांनी ‘सौंदर्यमीमांसा’ (१९७४) या ग्रंथात सौंदर्यविषयक संकल्पनेची रचना द्विध्रुवात्मक असल्याचे दाखविले आहे. कलेला जीवनाच्या निकषांनी जोखणारी लौकिकतावादी भूमिका एका ध्रुवावर आणि कलेची पूर्ण स्वायत्तता मानणारी अलौकिकतावादी भूमिका दुसऱ्या ध्रुवावर. आणि कलाविचार या दोहोंच्या ताणात राहतो. कौल यांच्या पुढील वाटचालीचा विचार या मांडणीच्या साहाय्याने चांगला करता येतो.

कौल स्वतः उत्तरोत्तर अलौकिकतावादी ध्रुवाकडे सरकत गेले. झिया मोहिउद्दीन डागर आणि झिया फरीदुद्दीन डागर या बंधूंचा सहवास व त्यांच्याकडून मिळालेली ध्रुपदाची तालीम हे त्याचे मुख्य कारण होय. रुद्रवीणेचे थोर वादक झिया मोहिउद्दीन यांनी पनवेलजवळ पळस्पे येथे गुरुकुल उभारले होते, हे येथील वाचकांस ठाऊक असेलच. ‘ध्रुपद’ (१९८२) या ७२ मिनिटांच्या चित्रपटात या दोन्ही बंधूंची कला आहे. ध्रुपदाच्या आलापात स्वर हा एखादा ठरीव बिंदू नसतो. गायक त्याच्या भोवती, त्याच्या आत, त्याच्या आसपासच्या श्रुतींतून संचार करीत राहतो. आलापाला गाठावयाचे असे शिखर नसते. पुढे जाणे हे तेथे विस्तारणे असते. हीच कल्पना कौल यांनी चित्रपटाच्या अवकाशाला लावली. ‘सीन फ्रॉम नोव्हेअर’ या १९९१ सालच्या निबंधात त्यांनी युरोपीय प्रबोधनकाळातील यथार्थदर्शनाची, म्हणजे सर्व रेषा एका बिंदूत मिळवून पाहणाऱ्याला केंद्रस्थानी बसविणाऱ्या चित्रपद्धतीची, चिकित्सा केली आहे. ‘नौकर की कमीज’च्या वेळी तर छायाचित्रकाराने कॅमेऱ्यातून न पाहताच चित्रण करावे, असा प्रयोग त्यांनी केला. चौकट आधी ठरविणारी नजरच दूर सारावी, हा त्यामागील हेतू.

हा विचार गंभीर आहे आणि त्याची फळेही मौलिक आहेत. ‘ध्रुपद’च्या अखेरीस कॅमेरा मुंबईच्या वस्तीवरून, दाट छपरांवरून, दीर्घ काळ फिरत राहतो आणि आलाप चालू असतो. दरबारी वास्तूंच्या सावलीत वाढलेले संगीत दाटीवाटीच्या शहरावरून वाहते तेव्हा जो अनुभव येतो तो विधानात मांडता येणार नाही. येथे पुन्हा जड वस्तू आहे, हेही ध्यानात ठेवावे. पत्रे, कौले, भिंती यांवाचून तो आलाप इतका उंच गेला नसता.

त्याआधीचा ‘सतह से उठता आदमी’ (१९८०) हा गजानन माधव मुक्तिबोध यांच्या कथा, कविता आणि वैचारिक लेखन यांवर आधारलेला चित्रपट आहे. मुक्तिबोधांची घरची भाषा मराठी. मराठी कवी व समीक्षक शरच्चंद्र मुक्तिबोध हे त्यांचे बंधू. त्यामुळे या कृतीकडे मराठी अभ्यासकाने अधिक आस्थेने पाहावयास हवे होते. मुक्तिबोधांचा मध्यमवर्गीय नायक हाही प्रतीक्षा करणाराच आहे. अभिव्यक्तीची, आत्मसाक्षात्काराची, क्रांतीची तो वाट पाहतो. परंतु त्याच्या हातात रोटी नाही, शब्द आहेत. म्हणून या चित्रपटात विचार प्रखर असूनही बराच काळ तो आवाजाच्या पातळीवर राहतो. एखाद्या वस्तूवर येऊन टेकत नाही. दोस्तोयेव्हस्कीच्या कथेवरील ‘नजर’ (१९९०) या चित्रपटात ही उणीव अधिक जाणवते. मूळ कथेतील सावकाराच्या व्यवहारात गहाण ठेवलेल्या क्षुद्र वस्तूंना दारिद्र्याचा वास होता. चित्रपटातील नायक जुन्या कलावस्तूंचा व्यापारी आहे, आणि त्याच्या उंचावरील घरात सर्व वस्तू सुंदर आहेत. सौंदर्य आहे, भार नाही. तरुण पत्नीच्या मौनाला टेकावयास काहीच उरत नाही, आणि कॅमेऱ्याची मंद, विहरणारी गती स्वतःतच रमल्यासारखी वाटू लागते.

‘नौकर की कमीज’ (१९९९) मध्ये मात्र वस्तू परत येते. विनोदकुमार शुक्ल यांच्या १९७९ सालच्या कादंबरीत साहेबाने आदर्श नोकराच्या मापाचा एक सदरा शिवून ठेवलेला असतो. माणूस सदऱ्यासाठी शोधावयाचा असतो. तो सदरा कारकुनाच्या अंगावर जबरदस्तीने चढविला जातो. ज्या चित्रपटात कौल यांनी नजरेचे नियंत्रण सर्वाधिक सैल सोडले, त्याच चित्रपटात एका सदऱ्याने सर्व विस्कळीत अवकाश एकत्र धरून ठेवला आहे. रूपाची मुक्ती आणि वस्तूचा भार यांत विरोध नाही, किंबहुना एकावाचून दुसरे पोकळ ठरते, याचे याहून चांगले उदाहरण सापडणे कठीण.

६

आता मुख्य आक्षेपाकडे वळले पाहिजे. तो आक्षेप असा : एका गरीब स्त्रीचे सडकेवर उभे राहणे हे तिच्यासाठी दुःख आहे, त्याचे संथ, सुंदर चित्र करून ते सुशिक्षित प्रेक्षकांपुढे ठेवणे ही दुःखाची चैन नव्हे काय? आणि ही चैन सार्वजनिक पैशाने का करावी? १९७६ साली संसदेच्या सार्वजनिक उपक्रम समितीने फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कलाचित्रपटविषयक धोरणावर टीका केली. तिच्यामागे खर्चाच्या हिशेबाबरोबर असाही काही भाव असणे अशक्य नाही. हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही, आणि ‘कला स्वायत्त आहे’ या उत्तराने त्याचे निरसनही होत नाही.

माझ्या मते त्याचे उत्तर चित्रपटाच्या अनुभवातच शोधले पाहिजे. करुणेचा परिचित मार्ग असा की, प्रेक्षकाने दीड-दोन तास हळहळावे, अश्रू ढाळावे आणि मन हलके करून घरी जावे. या व्यवहारात दुःख पात्राचे असते आणि समाधान प्रेक्षकाचे. ‘उसकी रोटी’ हा व्यवहार नाकारतो. प्रेक्षकाला बालोविषयी दया वाटत नाही. त्याला तिचा वेळ सोसावा लागतो. त्याची चुळबुळ, त्याचा कंटाळा, ‘आता काहीतरी घडू दे’ ही त्याची अपेक्षा, या गोष्टी रसभंगाच्या खुणा नव्हेत. तो त्या सडकेवर पोहोचल्याच्या त्या खुणा आहेत. फरक इतकाच की तो उठून जाऊ शकतो आणि बालो जाऊ शकत नाही. हा फरक चित्रपट लपवीत नाही, उलट जाणवून देतो. यात चैन नाही.

तथापि आक्षेपाचा एक अंश शिल्लक राहतो, तो मान्य केला पाहिजे. कौल यांनी विरहिणीची वाणी काढून घेतली. त्यामुळे काळ दृश्य झाला हे खरे. परंतु वाणी गेली हेही खरे. बालो, मल्लिका आणि नववधू यांना पाहण्याचा अधिकार मिळाला, बोलण्याचा मिळाला नाही. मौनाचा आदर करणे आणि मौन लादणे यांतील अंतर फार थोडे असते, आणि ‘दुविधा’त ते काही ठिकाणी अगदीच कमी होते.

या प्रश्नाची जाणीव कौल यांना असावी असे ‘सिद्धेश्वरी’ (१९८९) पाहताना वाटते. फिल्म्स डिव्हिजनसाठी काढलेला हा चित्रपट बनारसच्या ठुमरीगायिका सिद्धेश्वरीदेवी (१९०८–१९७७) यांच्या जीवनावर आहे. चरित्रपटाची रूढ वाट येथे नाही. गल्ल्या, घाट, नदी, नौका आणि स्वर यांतून एक जीवन झिरपत जाते. मीता वसिष्ठ गायिकेच्या रूपात वावरते, परंतु तिची नक्कल करीत नाही. ठुमरी हे तर विरहिणीच्या वाणीचे माहेरघर. म्हणजे जी वाणी पहिल्या तीन चित्रपटांतून काढून घेतली होती ती येथे गाण्याच्या रूपाने परत आली आहे. आणि शेवटी ती भूमिका करणारी अभिनेत्री पडद्यावर खऱ्या सिद्धेश्वरीदेवींचे जुने ध्वनिचित्रमुद्रण पाहत बसते. वृद्ध गायिका गात आहे. तरुण अभिनेत्री ऐकत आहे. इतका वेळ प्रतिमा आणि आवाज यांना एकमेकांपासून दूर ठेवणारा दिग्दर्शक येथे थांबतो आणि आवाजाला त्याचा देह परत करतो. कौल यांच्या समग्र चित्रपटसृष्टीत याहून हृद्य क्षण माझ्या तरी पाहण्यात नाही.

यावरून निष्कर्ष असा निघतो. मणि कौल यांचे महत्त्व त्यांनी कथा टाळली यात नाही, किंवा आलापाचे तत्त्व चित्रपटात आणले एवढ्यातही नाही. कथेच्या वेगात जो माणूस मागे पडतो त्याच्यापाशी थांबण्याची एक रीत त्यांनी शोधून काढली, यात त्यांचे महत्त्व आहे. ती रीत जेव्हा रोटीशी, शिवलेल्या पानांशी, सदऱ्याशी, एका वृद्ध गायिकेच्या घशाशी बांधलेली राहिली तेव्हा ती कला झाली. सुटली तेव्हा ती केवळ रीत राहिली. त्यांच्या नंतरच्या प्रयोगशील दिग्दर्शकांच्या कृतींतही संथ गती, दीर्घ शॉट, सपाट उच्चार या गोष्टी वारंवार आढळतात. त्यांचे मूल्यमापन करताना गतीचे मोजमाप घेण्याऐवजी अभ्यासकाने एक साधा प्रश्न विचारावा : येथे कोण थांबले आहे, आणि त्याच्या हातात काय आहे?